कंट्रोलर हाताशी नसताना कन्सोल कसा चालवायचा

टीव्हीवर ‘पीएस बटण दाबा’ अशी सूचना झळकतेय आणि घरात पीएस बटण असलेली जी एकमेव वस्तू आहे, म्हणजे प्लेस्टेशनचा कंट्रोलर, तीच मान टाकून बसलीय. कन्सोल ठणठणीत, टीव्ही ठणठणीत, डिस्कही आत. फक्त आपण दाराबाहेर. अशा वेळी लोक घाईघाईने नेटवर शोधतात, ‘कीबोर्ड लावा’ असं कुठेतरी वाचतात, कीबोर्ड लावतात, मेनू हलतो म्हणून खूश होतात आणि गेम सुरू झाल्यावर एकही बटण चालत नाही म्हणून वैतागतात.

गोंधळ होतो कारण ‘कन्सोल चालवणं’ हे एक काम नाही, तीन आहेत. पहिलं, लॉगिन करून आत शिरणं. दुसरं, मेनूत फिरणं, सिनेमा लावणं, सेटिंग बदलणं. तिसरं, प्रत्यक्ष गेम खेळणं. या तिघांना वेगवेगळ्या किल्ल्या लागतात. टीव्हीचा रिमोट दुसरं काम झकास करतो आणि तिसऱ्याला हातही लावत नाही. त्यामुळे आज आपल्याला नेमकं काय हवंय ते आधी ठरवा. रात्री सिनेमाच बघायचा असेल तर अर्धा लेख वाचायचीही गरज नाही.

पायरी पहिली: कंट्रोलर खरंच गेलाय का?

ही पायरी कुणालाच आवडत नाही, पण सगळ्यात जास्त कंट्रोलर इथेच जिवंत होतात. माझंच सांगतो. एकदा कंट्रोलर केबलने कन्सोलला जोडला, दिवा केशरी रंगात मंद उघडझाप करू लागला, म्हणजे चार्जिंग चालू होतं. तासाभराने बटण दाबलं, काही नाही. पुन्हा दाबलं, काही नाही. दोन दिवस मी तो मेला असं धरून चाललो होतो. तिसऱ्या दिवशी दुसरी केबल लावली आणि पठ्ठ्या एका दाबात सुरू झाला. पहिली केबल पॉवर बँकेसोबत आलेली होती. अशा स्वस्त केबलींत फक्त वीज नेणाऱ्या तारा असतात, डेटा नेणाऱ्या नसतातच. चार्जिंग होतं, पण कंट्रोलर आणि कन्सोल यांची गाठभेट होत नाही. फोनवरचे फोटो ज्या केबलने कॉम्प्युटरवर उतरवता येतात ती केबल घ्या. तिच्यात डेटाच्या तारा आहेत हे नक्की. प्लेस्टेशन 4 च्या ड्युअलशॉक 4 ला मायक्रो-यूएसबी लागते, प्लेस्टेशन 5 च्या ड्युअलसेन्सला यूएसबी-सी.

केबल बरोबर असूनही दाद देत नसेल तर रीसेट करा. ड्युअलसेन्सच्या पाठीमागे सोनीच्या लोगोजवळ एक बारीक छिद्र आहे. ड्युअलशॉक 4 वर ते एल2 बटणाच्या बाजूला, पाठीवर आहे. कन्सोल पूर्ण बंद करा, पेपर क्लिपचं टोक सरळ करून छिद्रात घाला आणि आतलं बटण पाचेक सेकंद दाबून धरा. मग केबलने जोडून पीएस बटण दाबा. छिद्रात सुई घालू नका, ती आत भलतीकडे घुसते.

एक्सबॉक्सच्या कंट्रोलरचं आधी सेल बदलून पाहा. हसू नका, बहुतेक वेळा तेच असतं. त्यानंतर कन्सोलवरचं पेअरचं, म्हणजे जोडणीचं, बटण दाबा आणि वीस सेकंदांच्या आत कंट्रोलरवरचं पेअर बटण दाबून धरा. एक्सबॉक्सचा दिवा भराभर लुकलुकायला लागला की सोडा. निन्टेन्डोच्या स्विच या कन्सोलचे छोटे कंट्रोलर म्हणजे जॉय-कॉन. त्यावरचं छोटं गोल सिंक बटण एकदा दाबलं की तो रीसेट होतो, मग दुसरं कुठलंही बटण दाबून चालू करायचा.

आणि कंट्रोलर बिघडलेला नसून सापडतच नसेल, तर स्विचवर त्याचाही इलाज आहे. मुख्य स्क्रीनवरच्या कंट्रोलर्स या भागात ‘फाइंड कंट्रोलर्स’ असा पर्याय आहे. तो दाबला की आधी जोडलेला जॉय-कॉन थरथरतो आणि सोफ्याच्या गादीखालून आवाज येतो.

पायरी दुसरी: घरात दुसरं काय पडलंय?

पर्याय शोधण्याआधी कपाट उघडा. जुन्या पिढीचा कंट्रोलर, गाडीचं स्टिअरिंग व्हील, फायटिंग गेमसाठी घेतलेली आर्केड स्टिक, सगळं बाहेर काढा. पण काय कशावर चालतं याचे नियम जरा विचित्र आहेत.

एक्सबॉक्सवाले इथे नशीबवान. एक्सबॉक्स वनचा कंट्रोलर नव्या सीरिज एक्स आणि सीरिज एस वर चालतो, नवा जुन्यावर चालतो, गेमसकट. फक्त त्याही आधीच्या एक्सबॉक्स 360 चा कंट्रोलर चालत नाही, तेव्हा त्यावर वेळ घालवू नका. इतर कंपन्यांचे कंट्रोलर घेताना मात्र अधिकृत परवाना असलेलेच घ्या. 2023 च्या नोव्हेंबरपासून परवाना नसलेल्या वस्तू एक्सबॉक्स ओळखतो आणि अडवतो.

प्लेस्टेशन 5 वर ड्युअलशॉक 4 जोडता येतो. मेनूत फिरतो, प्लेस्टेशन 4 चे गेम खेळवतो, पण प्लेस्टेशन 5 चा गेम लावला की कन्सोल सरळ सांगतो, याच्याने नाही चालणार. यात एक गंमतशीर पळवाट आहे, ती फोनच्या भागात सांगतो. उलट दिशेने, ड्युअलसेन्स प्लेस्टेशन 4 ला थेट जोडून चालत नाही.

परवानाधारक स्टिअरिंग व्हील आणि आर्केड स्टिक यांचा उपयोग लोकांच्या लक्षातच येत नाही. लॉजिटेक जी29 सारख्या व्हीलवर पीएस बटण, दिशांची बटणं आणि चौकोन-त्रिकोण सगळं आहे. म्हणजे व्हीलने लॉगिन करता येतं, मेनूत फिरता येतं, सेटिंग बदलता येते. स्टिअरिंगसमोर बसून सिनेमा निवडणं जरा हास्यास्पद दिसतं, पण दार उघडतं.

उसना कंट्रोलर मिळाला तर तो जोडायला जुन्याची गरज पडत नाही, ही चांगली गोष्ट. प्लेस्टेशनवर केबल लावून पीएस बटण, एक्सबॉक्सवर वर सांगितलेली दोन पेअर बटणं.

पायरी तिसरी: टीव्हीचा रिमोट

कन्सोल टीव्हीला जोडणाऱ्या एचडीएमआय केबलमध्ये तेरा क्रमांकाची पिन सीईसी नावाच्या सोयीसाठी राखलेली आहे. तिच्यामुळे टीव्ही आणि त्याला जोडलेली यंत्रं एकमेकांना साधे निरोप पाठवतात: चालू हो, बंद हो, वर जा, खाली जा, ओके. म्हणून टीव्हीच्या रिमोटवरचे बाण प्लेस्टेशनचा मेनू हलवू शकतात.

अडचण नावांची आहे. प्रत्येक टीव्ही कंपनीने याच सोयीला स्वतःचं बारसं करून ठेवलंय. सॅमसंगवर ती एनीनेट प्लस, एलजीवर सिम्पलिंक, सोनीवर ब्राव्हिया सिंक, फिलिप्सवर ईझीलिंक. टीव्हीच्या सेटिंगमध्ये यापैकी जे नाव दिसेल ते चालू करा. कन्सोलच्या बाजूने प्लेस्टेशन 5 वर सेटिंग्ज, मग सिस्टिम, मग एचडीएमआय, तिथे ‘एनेबल एचडीएमआय डिव्हाइस लिंक’. प्लेस्टेशन 4 वर हाच पर्याय सेटिंग्जमधल्या सिस्टिममध्ये सापडतो.

आता मेख. कन्सोलवरचा हा पर्याय आधीच चालू नसेल तर तो चालू करायला कंट्रोलर लागतो. कुलपाची किल्ली कुलपाच्या आतल्या पेटीत. म्हणून कंट्रोलर चांगला असतानाच हे करून ठेवा. आत्ता लेख वाचताना तुमचा कंट्रोलर ठीक असेल तर उठा आणि करून या. तिथेच शेजारी ‘वन-टच पॉवर ऑफ’ आहे, तो मात्र विचार करून चालू करा. कुणी सवयीने टीव्ही बंद केला की कन्सोलही झोपी जातो.

सीईसी चालू आहे पण रिमोट काम करत नाही, असं झालं तर मध्ये साउंडबार किंवा एचडीएमआय स्विचर (अनेक यंत्रं एकाच टीव्हीला जोडणारा डबा) आहे का ते पाहा. तो काढून कन्सोल थेट टीव्हीला जोडला की बहुतेक वेळा सुरळीत होतं. गेममध्ये रिमोट काहीच करणार नाही हे धरून चला.

एक्सबॉक्सवर मी सीईसीवर फारसा विसंबत नाही, चालू-बंद करण्यापुरतं ते ठीक आहे. तिथे वेगळा मीडिया रिमोट घेणं सोपं. एक्सबॉक्सचे मीडिया रिमोट इन्फ्रारेडवर चालतात, म्हणजे पेअरिंगची भानगडच नाही. सेल घाला, कन्सोलकडे रोखा, दाबा. प्लेस्टेशन 5 चा मीडिया रिमोटही चांगला आहे, पण तो आधी कन्सोलशी जोडावा लागतो आणि ते काम मेनूत जाऊनच होतं.

पायरी चौथी: फोन, म्हणजे खरा तारणहार

तिन्ही कामं करू शकेल असा पर्याय बहुतेक घरांत एकच असतो, आणि तो आपल्या खिशात असतो. प्लेस्टेशनसाठी पीएस रिमोट प्ले नावाचं अ‍ॅप आहे, अँड्रॉइडवर आणि आयफोनवर. ते कन्सोलचं चित्र फोनवर आणतं आणि वर काचेवरच कंट्रोलरची बटणं उमटवतं.

पूर्वतयारी अशी. प्लेस्टेशन 5 वर सेटिंग्ज, सिस्टिम, रिमोट प्ले, तिथे ‘एनेबल रिमोट प्ले’ चालू हवं. कन्सोल झोपलेला असताना फोनवरून उठवायचा असेल तर सिस्टिममधल्याच पॉवर सेव्हिंगमध्ये जाऊन, रेस्ट मोडमधल्या सोयींत ‘स्टे कनेक्टेड टू द इंटरनेट’ आणि नेटवर्कवरून कन्सोल चालू होऊ देण्याचा पर्याय, दोन्ही चालू ठेवा. हेही आधीच करून ठेवण्याचं काम, हे वेगळं सांगायला नको.

एवढं झालेलं असेल तर फोनवर अ‍ॅप उघडा, कन्सोलवर जे अकाउंट आहे त्याच अकाउंटने आत या, कन्सोलचा प्रकार निवडा आणि थांबा. फोन आणि कन्सोल एकाच वाय-फायवर असले की अ‍ॅप त्याला शोधून काढतं. पहिल्या वेळी थोडा वेळ घेतं, घाई करून मागे जाऊ नका. सोनीच्या म्हणण्यानुसार निदान 5 एमबीपीएस वेग लागतो आणि 15 असेल तर बरं. घरातल्या घरात खरा फरक पडतो तो कन्सोलला लॅन केबल लावल्याने.

आता एक युक्ती, जी मला बऱ्याच उशिरा सुचली. रिमोट प्ले चालू असताना टीव्हीवरचं चित्र बंद होत नाही. तेव्हा फोनच्या चिमुकल्या स्क्रीनकडे बघत बसू नका. फोनचा आवाज बंद करा, फोन मांडीवर आडवा धरा आणि नजर टीव्हीवर ठेवा. फोनवरचं चित्र क्षणभर मागे असतं, टीव्हीवरचं नसतं, त्यामुळे अर्धा उशीर तिथेच वाचतो. राहिलेली अडचण अंगठ्यांची. काचेवर बटणाची कड लागत नाही, म्हणून डावा अंगठा हळूहळू सरकत बाजूला जातो आणि आपला खेळाडू भिंतीला तोंड करून चालत राहतो. दर थोड्या वेळाने खाली बघून अंगठा जागेवर आणायचा, एवढाच उपाय. डाव आळीपाळीने चालणारे खेळ, कोडी, गोष्टीप्रधान गेम यावर बिनधास्त होतात. गोळीबाराच्या ऑनलाइन सामन्यात मात्र तुम्ही नुसते मराल.

मघाशी म्हटलेली पळवाट ही. ड्युअलशॉक 4 प्लेस्टेशन 5 चे गेम थेट खेळवत नाही, पण तोच ब्लूटूथने फोनला जोडून रिमोट प्ले लावलं तर खेळवतो. अँड्रॉइड 10 किंवा पुढचं असलं की जोडता येतो. काचेवरच्या बटणांपेक्षा हे शतपटीने बरं.

एक्सबॉक्सच्या मोबाइल अ‍ॅपमध्येही कन्सोलसाठी रिमोट आहे. दिशा, ए, बी, एक्स, वाय आणि मधलं एक्सबॉक्स बटण त्यात मिळतं. त्यासाठी कन्सोलवर सेटिंग्जमधल्या ‘डिव्हाइसेस अँड कनेक्शन्स’मध्ये ‘रिमोट फीचर्स’ चालू असायला हवं. हा मेनूसाठीचा रिमोट आहे, त्यावर गेम खेळायला जाऊ नका. पासवर्ड किंवा शोधायचं नाव टाइप करायला मात्र फोनसारखं सुख नाही, कंट्रोलर चांगला असला तरीही.

पायरी पाचवी: कीबोर्ड आणि माउस

यूएसबी कीबोर्ड लावला की प्लेस्टेशन 4 आणि एक्सबॉक्स यांच्या मेनूत बाणांनी फिरता येतं, एन्टरने निवडता येतं, एस्केपने मागे येता येतं. एक्सबॉक्सवर विंडोजची कळ एक्सबॉक्स बटणाचं काम करते. वायरलेस कीबोर्ड असेल तर यूएसबी रिसीव्हरवाला घ्या. ब्लूटूथवाला जोडायला आधी मेनूत जावं लागतं आणि एक्सबॉक्सला तर ब्लूटूथ कीबोर्ड चालतच नाही.

गेममध्ये कीबोर्ड चालणं हे कन्सोलच्या नाही, गेम बनवणाऱ्याच्या हातात असतं. फोर्टनाइट, कॉल ऑफ ड्यूटीचे अलीकडचे भाग, फायनल फँटसी 14 अशा काही गेमना तो चालतो. एक्सबॉक्सवर ही सोय 2018 च्या नोव्हेंबरात आली. बाकी बहुसंख्य गेम कीबोर्डकडे ढुंकूनही पाहत नाहीत.

यावर उपाय म्हणून कीबोर्ड-माउसला कंट्रोलर भासवणारे अ‍ॅडॅप्टर विकले जातात. दोन गोष्टी लक्षात ठेवून मगच त्यांच्या वाटेला जा. त्यातल्या बऱ्याच अ‍ॅडॅप्टरना ओळख पटवण्यासाठी खरा कंट्रोलर जोडलेलाच लागतो, म्हणजे तुमची मूळ अडचण जिथल्या तिथे. आणि ऑनलाइन सामन्यांत ही लबाडी मानली जाते. यूबीसॉफ्टने रेनबो सिक्स सीजमध्ये 2023 पासून माउसट्रॅप नावाची व्यवस्था आणली, जी असा खेळाडू हेरते आणि त्याची प्रत्येक हालचाल मुद्दाम उशिरा पोचवते.

कंट्रोलर अर्धाच बिघडला असेल तर

एखादंच बटण गेलंय, बाकी सगळं चालतंय, अशी स्थिती पूर्ण बंद पडण्यापेक्षा जास्त वेळा येते. अशा वेळी कंट्रोलर टाकून देण्याची घाई नको. प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि स्विच या तिन्हींवर बटणांची अदलाबदल करता येते. प्लेस्टेशन 5 वर ती सेटिंग्जमधल्या अ‍ॅक्सेसिबिलिटीत, कंट्रोलर्सखाली आहे. तुमच्या गेममध्ये क्वचित लागणारं बटण शोधा आणि मेलेल्याचं काम त्याला द्या.

त्याहून भारी म्हणजे दोन कंट्रोलर मिळून एक करणं. एक्सबॉक्सवर ही सोय बरीच वर्षं आहे, सुरुवातीला ती को-पायलट या नावाने आली, प्लेस्टेशन 5 वर ती 2023 मध्ये असिस्ट कंट्रोलर म्हणून आली. एकाची डावी स्टिक गेलीय, दुसऱ्याची उजवीकडची बटणं गेलीत, तरी दोघं मिळून एक खेळाडू पुरा होतो. या सोयी मुळात ज्यांना नेहमीचा कंट्रोलर दोन हातांनी धरता येत नाही त्यांच्यासाठी बनल्या. त्याच कारणाने एक्सबॉक्सचा अ‍ॅडॅप्टिव्ह कंट्रोलर 2018 मध्ये आला. त्याच्या पाठीवर बाहेरची बटणं, पेडल, जॉयस्टिक जोडायला 3.5 मिलिमीटरची 19 छिद्रं आहेत. सोनीचा अ‍ॅक्सेस कंट्रोलर 2023 च्या डिसेंबरात आला. ज्याच्यासाठी नेहमीचा कंट्रोलर कधीच ‘मुख्य’ नव्हता, त्याने वरचे सगळे जुगाड सोडून थेट इथून सुरुवात करावी.

निन्टेन्डोची तऱ्हा वेगळी

स्विच टीव्हीला जोडलेला असताना कंट्रोलर गेला तर स्विचला डॉकमधून, म्हणजे टीव्हीला जोडणाऱ्या त्याच्या बैठकीतून, बाहेर काढा. त्याची स्क्रीन स्पर्शाने चालते, त्यामुळे मेनू बोटाने उघडतो आणि तिथूनच कंट्रोलर्स, मग ‘चेंज ग्रिप/ऑर्डर’ या मार्गाने नवा कंट्रोलर जोडता येतो. एकच जॉय-कॉन उरला असेल तर तो आडवा धरून छोटा कंट्रोलर होतो. पुष्कळ गेमना तेवढा पुरतो. यूएसबी कीबोर्ड डॉकला लागतो, पण फक्त टायपिंगसाठी. टीव्हीच्या रिमोटची आशा सोडा. आणि घरात प्लेस्टेशनचा किंवा एक्सबॉक्सचा कंट्रोलर असेल तर 8बिटडू, मेफ्लॅश या कंपन्यांचे छोटे यूएसबी अ‍ॅडॅप्टर डॉकला लावून तोच स्विचवर वापरता येतो. हा मला सगळ्यात सुटसुटीत मार्ग वाटतो.

2012 च्या वी यू या कन्सोलचं दुखणं मात्र जुनाट आहे. त्याचा मुख्य कंट्रोलर म्हणजे 6.2 इंची स्क्रीनचा गेमपॅड, आणि पहिली जुळणी व सिस्टिम सेटिंग्ज त्याच्यावाचून होतच नाहीत. आधीपासून जुळवलेला कन्सोल असेल तर वी रिमोट किंवा प्रो कंट्रोलरवर, गेमपॅड न लागणारे खेळ खेळता येतात. जुना वी यू विकत घेताना गेमपॅडशिवाय स्वस्तात मिळतोय म्हणून भुलू नका.

जिथे काहीच चालत नाही

प्लेस्टेशनचा सेफ मोड. कन्सोल सुरूच होत नाही, सिस्टिम दुरुस्त करायचीय, अशा वेळी कन्सोलचं पॉवर बटण दुसरी बीप येईपर्यंत दाबून धरलं की सेफ मोड उघडतो. पण तिथे वायरलेस नाही, फोन नाही, टीव्हीचा रिमोट नाही. केबलने जोडलेला कंट्रोलरच लागतो. नुसता बंद करायचा असेल तर कन्सोलवरचं बटण पुरे. प्लेस्टेशन 5 वर ते काही सेकंद दाबून धरा. भिंतीवरचा स्विच बंद करू नका.

अशा वेळी शेवटी मित्राचा कंट्रोलर मागून आणावाच लागतो. तो परत देताना एक गोष्ट सांगायला विसरू नका. बहुतेक कंट्रोलर ज्या कन्सोलशी शेवटी जोडले गेले तेवढाच लक्षात ठेवतात. तुमच्याकडून परत गेलेला कंट्रोलर मित्राच्या घरी बटण दाबल्यावर नुसता लुकलुकेल, कारण तो तुमच्याच कन्सोलला हाका मारत असेल. केबल लावून एकदा पुन्हा जोड म्हणावं, आणि केबल डेटावालीच घे म्हणावं.